तीन हाका

काकाजींनी पहिल्या भेटीत मला विचारलेला पहिला प्रश्न होता, "माय कोन्या नावानं हाक मारते?"

मी चॅनलचं ओळखपत्र गळ्यात अडकवून त्यांच्या अकोल्याच्या घराच्या दारात उभी होते. नाव सांगितलं, आडनाव सांगितलं, हुद्दा सांगितला. त्यांनी ते सगळं हाताने बाजूला सारलं. "थे तं कागदावरचं झालं. घरी काय म्हनते माय?"

मी पन्नाशीला टेकलेली बाई. माझं घरातलं नाव इतकं बावळट आहे की नवऱ्यालासुद्धा ते लग्नानंतर दोन वर्षांनी कळलं, तेही आईच्या तोंडून निसटलं म्हणून. पण ह्या माणसासमोर मी ते मुकाट्याने सांगून टाकलं. त्यांनी खिशातून छोटी वही काढली, शिसपेन्सिल जिभेला लावली आणि नाव लिहून घेतलं. "असू द्यावं," म्हणाले. "कवा कामी पडन, सांगता येत नाही."

वऱ्हाडात एके काळी एक फिरती संगीत नाटक कंपनी होती. काकाजी तिचे शेवटचे प्रॉम्प्टर. उजव्या विंगेत स्टुलावर बसायचं आणि विसरलेली वाक्यं नटांना पुरवायची, हे काम त्यांनी अर्धं आयुष्य केलं. कंपनी बुडून जमाना झाला, सवय मात्र बुडाली नाही. ते कधी कोणाच्या समोर उभे राहत नसत. तुमच्या उजव्या खांद्यामागे, हातभर अंतरावर उभे राहायचे आणि तुम्ही बोलताना अडखळलात की अडलेला शब्द तिथून हळूच यायचा. आवाज असा की तुम्हाला ऐकू जावा आणि शेजारच्याला जाऊ नये. बाजारात भाजीवाली भाव सांगता सांगता थांबली तर तिलाही ते पुढचं वाक्य देत. कोणाच्याशा लग्नात भटजी मंगलाष्टकात अडकले, तेव्हा मांडवात मागून कोणीतरी पुढची ओळ दिली आणि भटजींनी मान न वळवता ती उचलली, ही गोष्ट मला अकोल्यात तीन जणांनी सांगितली. तिघांनीही आपण तिथे होतो असं शपथेवर सांगितलं, त्यामुळे ती कितपत खरी हे देव जाणे.

मलाही त्यांनी एकदा वाक्य पुरवलं. दिग्दर्शकाशी फोनवर माझं कडाक्याचं भांडण चाललं होतं आणि ऐन मोक्याला मला शब्द सुचेना. उजव्या कानामागून कुजबूज आली, "लिवनारी मी हावो, म्हना." मी म्हटलं आणि भांडण जिंकले. वळून पाहिलं तर काकाजी खिडकीतून बाहेर बघत उभे, जसं काही आपण त्या गावचेच नाही.

आमच्या चॅनलने जुनी शोकांत संगीत नाटकं नव्वद नव्वद मिनिटांत बसवून दाखवायचं ठरवलं होतं. मी मूळची अमरावतीची, म्हणून वऱ्हाडातल्या कंपनीचं नाटक माझ्या गळ्यात पडलं. पाच अंक, पन्नासच्या वर पदं, रात्री सुरू झालं की कोंबडा आरवेपर्यंत चालायचं. कथा साधी होती. राणी हेमलेखेला नवरा रणात पडल्याची खोटी बातमी कळते, ती विष घेते आणि तिचा प्राण जातो तोच नवरा दारात येतो. शेवटचं पद दासींना उद्देशून आहे: 'सोडा गे वेणी सख्यांनो, आता ऊन उतरले.' ते गात गात राणी डाव्या कुशीवर आडवी होते, उजवा हात उशाशी, आणि पडदा पडतो.

नाटकाची एकुलती एक प्रत काकाजींच्या ट्रंकेत होती. मी तिच्यावर तांबड्या पेनने काट मारत बसायचे आणि ते उजवीकडे मागे उभे. एकाही काटेवर त्यांनी हूं की चूं केलं नाही. अख्खा तिसरा अंक उडवला तेव्हा मीच ओशाळले. ते म्हणाले, "काट नं पोरी. लोकायले टाइम नाही, मले समजते. पन राणीचं मरन नको काटू. अन् मरनानंतरची उठवनी इसरू नको."

"उठवणी म्हणजे?"

त्यावर त्यांनी सांगितलं ते असं. स्टेजवर जो मेला त्याने पडदा पडल्यावर आपणहून उठायचं नाही, हा कंपनीचा नेम होता. प्रॉम्प्टरने त्याच्याजवळ जायचं, खाली बसायचं, कानाशी तोंड न्यायचं आणि त्याच्या खऱ्या नावाने तीन हाका मारायच्या. खरं नाव म्हणजे आई मारते त्या हाकेचं. तिसऱ्या हाकेला त्याने 'हाव', म्हणजे 'हो', म्हणायचं आणि मग उठायचं. राजा असो, राक्षस असो की भालदार, ज्याला मरण लागलं त्याला उठवणी लागली.

"नाही उठवलं तर?"

"तं उठते नं," काकाजी म्हणाले. "उठतेच मानूस. पानी पेते, घरी जाते." आणि ट्रंकेची कडी लावायला वळले.

शूटिंग अमरावतीच्या एका जुन्या, वापरात नसलेल्या नाट्यगृहात होतं. राणीचं काम करायला मुंबईची मुलगी आली होती, मालिकांमधून घराघरात पोचलेली. तिच्या तारखा अडचणीच्या, म्हणून पहिल्याच दिवशी मरणाचा प्रवेश घ्यायचं ठरलं. आम्हाला ह्यात काही वाटत नाही. आमच्याकडे बारसं शेवटी आणि तेरावं आधी हे रोजचंच. काकाजींना मी हे सांगितलं.

"म्हंजे पोट्टी आज मरन, अन् परवा तिचं लगन लावसान?"

"हो काकाजी."

"मंग उठवनी लयच नीट करा लागन," एवढं बोलून ते तिच्या खोलीकडे गेले. मुलीने हसत हसत घरातलं नाव सांगितलं, मनू. त्यांनी ते वहीत लिहिलं.

पहिला टेक छान झाला. दिग्दर्शक 'कट' म्हणाला आणि काकाजी विंगेतून आले, खाली बसले, तिच्या कानाशी लागले. तीन हाका. मुलगी 'हो' म्हणाली आणि उठली. सगळ्यांना गंमत वाटली, कोणी मोबाइलवर त्याचं चित्रण केलं. दुसऱ्या टेकला पुन्हा तेच. चौथ्यापर्यंत दिग्दर्शकाची गंमत संपली. एक मरण आम्ही चार बाजूंनी टिपत होतो, दिवस चालला होता, आणि दर खेपेला हा म्हातारा गुडघे धरत येऊन खाली बसणार. पाचव्या टेकआधी दिग्दर्शकाने त्यांना चहाला पाठवलं. खरं सांगायचं तर पाठवणारी मी. दिग्दर्शकाने मला खूण केली आणि मीच म्हटलं, "काकाजी, बाहेर चहा झाला बघा."

पाचवा टेक झाला. 'कट.' दिवे बदलायला माणसं धावली, कॅमेरा हलला. मुलगी उठली नाही. आधी कोणाचं लक्ष गेलं नाही. मग मेकअपवाली वाकली, हसली, म्हणाली, "अगं, झालं." मुलीचे डोळे उघडे होते. श्वास चालू होता. दिग्दर्शकाने तिला तिच्या नावाने हाक मारली, जे नाव पोस्टरवर असतं ते. मग ओरडून मारली. तिची पापणी लवत होती, आणि बाकी काही नाही. मी चहाच्या टपरीकडे अक्षरशः धावत सुटले.

काकाजींनी बशीतला चहा तसाच ठेवला. आत आले, बसले, कानाशी लागले. तिसऱ्या हाकेला मुलगी 'हो' म्हणाली, उठून बसली आणि पाणी मागितलं. दुपारी जेवताना ती मला म्हणाली, "मला सगळं ऐकू येत होतं, ताई. पण ते मला बोलावत नव्हते. दुसऱ्याच कोणाला तरी बोलावत होते." नंतर ती मोठ्याने हसली आणि सगळ्यांना सांगत सुटली की मी तुमची फिरकी घेतली. मलाही तिने पुढे हेच सांगितलं. मी विश्वास ठेवायचा प्रयत्न केला. त्या दिवसानंतर मात्र काकाजींना चहाला जायला कोणी सांगितलं नाही.

काकूंबद्दल अजून सांगितलं नाही. सांगायचं टाळत होते.

काकाजींच्या बायकोला मी त्यांच्या घरी सात-आठ वेळा पाहिलं होतं. एके काळी त्याच कंपनीत राणी हेमलेखा त्याच करायच्या. आता सत्तरीच्या पुढे, अंगाने काटक, केस पांढरे आणि नीट विंचरलेले. "सुलभा, चहा ठेव," म्हटलं की चहा ठेवायच्या. "सुलभा, बस," म्हटलं की बसायच्या. चहा उत्तम करायच्या. पण दोन हाकांच्या मधे त्या कुठे असत हे मला कळायचं नाही. एकदा काकाजी पोस्टात गेले आणि तासाभराने आले. त्या सबंध तासभर काकू हातात रिकामी कपबशी धरून ओट्याशी उभ्या होत्या. मी "काकू, बसा ना," म्हटलं चार वेळा. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, पण माझ्यापर्यंत आल्या नाहीत. शूटिंगला निघताना काकाजी 'सुलभा, नीज' म्हणून यायचे आणि परतल्यावर उठवायचे. डॉक्टर झाले, नागपूर झालं, गोळ्या झाल्या. प्रत्येकाने वेगळं नाव दिलं आणि काकू होत्या तशाच राहिल्या.

शूटिंगच्या चौथ्या दिवशी सुट्टी होती, म्हणून मी दुपारी अकोल्याला गेले. शेवटच्या पदाच्या चालीत एका जागेची शंका होती. मी सहज गुणगुणले, 'सोडा गे वेणी सख्यांनो...' आतल्या खोलीत काहीतरी सरकल्याचा आवाज झाला. दारातून पाहिलं तर काकू जमिनीवर आडव्या होत होत्या. डाव्या कुशीवर. उजवा हात उशाशी. घाई नाही, धडपड नाही, पदाच्या लयीत. मी गप्प झाले तेव्हा त्यांचे डोळे उघडे होते आणि पापणी लवत होती.

काकाजी आत गेले, खाली बसले. "सुलभा. सुलभा. सुलभा." काकू उठल्या, पदर सारखा केला आणि भिंतीशी बसल्या.

बाहेर येऊन ते पहिल्यांदाच माझ्या समोर बसले. प्रॉम्प्टरला तोंड असतं, हे मला तेव्हा कळलं.

"सुलभा हे नाव मी ठेवलं," ते म्हणाले. "लग्नात. तांदळात आंगठीनं लिवलं. आठ दिवस झाले होते लग्नाले अन् मोर्शीले खेळ लागला. माहे गुरू आजारी पडले, म्हनून उठवनी मी केली. पह्यलीच. काय हाक मारली? सुलभा. नवं नाव, आपनच ठेवलेलं, कवतिक होतं नं मले त्याचं. थे उठली. 'हाव' म्हनली. पन आठ दिवसांचं नाव थे, पोरी. येवढ्याशा दोरीनं मानूस येवढ्या खोलातून वर येते का?"

"मग आईच्या नावाने..."

"कोनाले माईत? कंपनीत सारे तिले जाहिरातीतल्या नावानं बोलवत. गुरू तं कानात हाक मारत, मले काहून ऐकू येईन? थे गेले त्याच दुखन्यात. तिची माय मोर्शीकडची, भाजी विकायची, तिले पुसावं म्हनलं तं थेही त्याच पावसाळ्यात गेली. मले तवा काय समजलं होतं? वाटलं, नवी नवरी हाय, लाजते. तिलेच पुसलं, माय तुले काय म्हने? तं म्हने, सुलभा."

आता मला कळलं की हा माणूस भेटेल त्याला आईच्या हाकेचं नाव का विचारतो. एक नाव हातचं गेलं म्हणून तो दुसऱ्या सगळ्यांची जमवत होता. मला फार वाईट वाटलं, आणि आधी त्यांना चहाला पाठवल्याची शरमही वाटली.

चालींसाठी मी नातेवाइकांच्या एका व्हॉट्सॲप ग्रुपवर आवाहन टाकलं होतं: ह्या नाटकाचं जुनं ध्वनिमुद्रण कोणाकडे आहे का? शूटिंग संपल्यावर पंधरा दिवसांनी मोर्शीहून फोन आला. संत्र्याच्या बागा असलेलं घर. त्यांच्या वडिलांनी तरुणपणी हौसेने टेपरेकॉर्डर घेतला होता आणि गावात कंपनीचा एकच खेळ लागला होता, त्याचा शेवटचा अंक टेप केला होता. कॅसेट धान्याच्या कोठीत सापडली. त्यांनी ती मोबाइलमध्ये उतरवून मला पाठवली.

मी अमरावतीला आईच्या घरी, दुपारी, कानाला हेडफोन लावून ऐकत बसले. खरखर, पायपेटी, तबला. मग काकूंचा तरुण आवाज. असा आवाज मी आजवर ऐकलेला नाही, आणि हे मी उगाच म्हणत नाही. पद संपलं. एक क्षण शांतता. मग माणसांच्या गर्दीतून एका बाईची किंकाळी आली: "तुळसे! उठ वं तुळसे! मा लेकराले काय झालं वं माय!" आणि लगेच हशा. शेकडो माणसांचा हशा. पुढे सगळं त्या हशात बुडालेलं.

लेकीचं नाटक कधी न पाहिलेली भाजीवाली बाई पहिल्यांदाच खेळाला आली होती आणि लेक डोळ्यांदेखत मेली होती. गाव हसलं. त्या हशाच्या पलीकडे, विंगेत बसलेल्या नव्या नवऱ्याला ते नाव ऐकू गेलं नाही.

मी दुसऱ्या दिवशी अकोल्याला गेले. फोनवर सांगायची हिंमत नव्हती. काकाजींच्या कानाला हेडफोन लावला आणि त्यांचा चेहरा न बघता खिडकीकडे बघत बसले. त्यांनी ते तीनदा ऐकलं. मग हेडफोन काढून गुंडाळी करून माझ्या हातात दिला.

"तुळशी," ते म्हणाले. नुसतं चाखून पाहिल्यासारखं. मग म्हणाले, "त्या नावात मी नाही नं पोरी कुठंच. सुलभा माही हाय. अर्धी का होईना, पन चहा करते माह्यासाठी. तुळशीनं तं मले पाह्यलंच नसन."

"मग राहू द्या, काकाजी," मी म्हटलं. मनापासून म्हटलं.

"इतके दिवस नाव नव्हतं म्हनून राहू देलं. आता नाव हाय. आता राहू देलं तं थे राहू देनं नाही, थे दाबून ठेवनं झालं." ते उठले. "पद म्हन."

"मी?"

"माह्या गळ्यात सूर कुठी? प्रॉम्प्टर मी."

भर दुपार होती, रस्त्यावरून भंगारवाला ओरडत चालला होता. मी पद म्हटलं, सबंध. काकू डाव्या कुशीवर आडव्या झाल्या, उजवा हात उशाशी. काकाजी गुडघे धरत खाली बसले आणि कानाशी वाकले. पहिली हाक मला ऐकू आली नाही. दुसरीही नाही. तिसरी मात्र त्यांनी मोठ्याने मारली, तीही आपल्या आवाजात नाही, त्या किंकाळीतल्या बाईच्या सुरात: "उठ वं तुळसे!"

"आली वं माय!" काकू म्हणाल्या आणि झटक्यात उठून बसल्या. इतक्या वर्षांत त्यांच्या घशातून असा आवाज निघाला नसेल. त्यांनी खोलीभर पाहिलं. भिंत पाहिली, पंखा पाहिला, मला पाहिलं. डोळ्यांत लख्ख माणूस होतं. मग आपल्या शेजारी बसलेल्या म्हाताऱ्याकडे त्यांची नजर गेली आणि त्यांनी पदर सावरून घेतला, परक्या पुरुषासमोर सावरतात तसा.

"आबाजी," त्यांनी विचारलं, "माही माय दिसली का तुमाले? आत्ता इथंच होती."

आबाजी म्हणजे आजोबा. काकाजी अडखळले. मी त्यांना वाक्य पुरवावं म्हणून शब्द शोधले, एकही मिळाला नाही. अर्धं आयुष्य लोकांना वाक्यं देणाऱ्या त्या माणसाला मागून द्यायला कोणी नव्हतं. मग त्यांचं त्यांनीच शोधलं.

"हाय नं बाई," ते म्हणाले. "बाहेर गेली भाजी घेऊन. येईन. तवर बस माह्यापाशी."

आमचं नाटक यथावकाश टीव्हीवर लागलं. शेवट गोठलेल्या मृत चेहऱ्यावर करायचा दिग्दर्शकाचा हट्ट होता. मी अडून बसले. आता शेवटी नावं वर सरकतात तेव्हा मागे एक म्हातारा मेलेल्या राणीच्या कानाशी लागतो आणि ती उठते. एका समीक्षकाने ह्याला आधुनिक प्रयोग म्हटलं. म्हणू दे बापडा.

तुळशीबाई आता खूप बोलतात. गातात, हसतात, आंब्याचं लोणचं मागतात. मोर्शीच्या गल्ल्या सांगतात. आई अजून आली नाही म्हणून संध्याकाळी थोडा वेळ रुसतात आणि आबाजींनी समजूत काढली की जेवतात. चहा मात्र त्यांना येत नाही. तो आता काकाजी करतात.

"गोड म्हनते वं आबाजी," मागच्या खेपेला ते मला म्हणाले. "पन घरात आता मले नावानं बोलवनारं कोनी राह्यलं नाही. तुले एक सांगून ठेवतो." आणि माझ्या उजव्या कानाशी येऊन त्यांनी त्यांची आई त्यांना मारायची ती हाक सांगितली. वहीत ती कधीच लिहिलेली नव्हती.

ते नाव मी इथे लिहिलेलं नाही आणि लिहिणार नाही. दर रविवारी सकाळी मी अकोल्याला फोन लावते. ते उचलतात आणि काही बोलत नाहीत. मी त्या नावाने हाक मारते. एकदा, दोनदा. अलीकडे मधली शांतता जरा वाढली आहे. मी तिसरी हाक मारते.

"हाव," पलीकडून येतं. "आलो."